ओसरीवरची खूण

अमेरिकेतील अलाबामा राज्याच्या मॉन्टगोमेरी शहरात साउथ जॅक्सन स्ट्रीटवर एक साधे लाकडी घर आहे. डेक्स्टर अव्हेन्यू बॅप्टिस्ट चर्चच्या धर्मगुरूंचे हे निवासस्थान. १९५४ ते १९६० या काळात डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांचा संसार येथे होता. आज ते संग्रहालय आहे. बैठक, अभ्यासिका आणि स्वयंपाकघर त्या काळच्या सामानासह जपले आहे. मात्र पाहुण्याची पावले आधी थबकतात ती ओसरीवर. तेथे बॉम्बच्या आघाताची खूण आहे.

बसमधील वर्णभेदाविरुद्ध शहरातील कृष्णवर्णीयांनी ५ डिसेंबर १९५५ पासून बसवर बहिष्कार घातला होता. किंग त्यांचे नेते. ३० जानेवारी १९५६ च्या रात्री ते सभेत असताना येथे बॉम्ब टाकण्यात आला. घरात पत्नी कोरेटा आणि अडीच महिन्यांची कन्या योलांडा होत्या. सुदैवाने कोणालाही इजा झाली नाही. बाहेर संतप्त जमाव जमला. काहींच्या हाती शस्त्रे होती. याच ओसरीवरून किंग यांनी शस्त्रे घरी नेण्याची आणि शत्रूवरही प्रेम करण्याची विनंती केली. जमाव पांगला.

परंतु अहिंसेचा हा प्रवास तेथे संपला नाही. त्या घटनेनंतर स्वतः किंग यांनी बंदुकीचा परवाना मागितला होता. तो नाकारला गेला. पुढे पती-पत्नींनी विचारांती घरातील शस्त्रही दूर केले. लोकांना दिलेला उपदेश प्रथम स्वतःच्या घरात उतरवावा लागला.

जैन आचारशास्त्रात हिंसेचे संकल्पी, आरंभी, उद्योगी आणि विरोधी असे चार प्रकार सांगितले आहेत. त्यांपैकी संकल्पी हिंसेचा त्याग श्रावकाने करायचाच असतो. आत्मरक्षणार्थ घडणारी विरोधी हिंसा मात्र गृहस्थाला सर्वस्वी टाळता येत नाही, हे शास्त्रही जाणते. तान्ह्या लेकीच्या पित्याने ही सवलत घेतली असती, तर त्याला कोणी दोष दिला नसता. त्याने ती घेतली नाही.

किंग यांना हा मार्ग गांधीजींकडून मिळाला आणि गांधीजींच्या धर्मचिंतनावर श्रीमद् राजचंद्रांचा खोल ठसा होता. १९५९ च्या भारतभेटीत किंग मुंबईच्या मणिभवनात राहिले, ते याच ऋणातून.

बहिष्कार ३८१ दिवस चालला आणि न्यायालयाच्या निर्णयाने बसमधील भेदभाव संपला. क्षमावाणीच्या दिवशी आपण बहुधा ज्यांच्याशी वैर नाही, त्यांच्याच दारी जातो. मॉन्टगोमेरीची ती ओसरी विचारते : ज्याच्याशी वैर आहे, त्याचे काय?