द्राक्षाच्या जेलीतलं सॉसेज

अमेरिकेतल्या घरगुती पार्ट्यांमध्ये टेबलाच्या कोपऱ्यावर एक विजेचं भांडं मंद गुरगुरत असतं. आत बोटाच्या दोन पेरांएवढी सॉसेज, त्यांवर तांबूस, चकचकीत रस, बाजूला टूथपिकची डबी. कृती विचाराल तर ती एका वाक्यात संपते: सॉसेजचं पाकीट, द्राक्षाच्या जेलीची बरणी आणि चिली सॉसची बाटली भांड्यात रिकामी करा, झाकण लावा, दोन तास विसरून जा. चिरणं नाही, फोडणी नाही, परतणं नाही. यातला चिली सॉसही नावालाच तिखट; तो म्हणजे टोमॅटो, साखर, व्हिनेगर आणि थोडा मसाला.

मांसात द्राक्षाची जेली म्हटल्यावर आपल्याकडे नाकं मुरडली जाणार, हे उघड आहे. पण आमटीत गुळाचा खडा आणि शिऱ्यात मिठाची कणी घालणाऱ्यांनी फार मुरडू नयेत. त्यापेक्षा हा पदार्थ इतका सोपा कसा, हा प्रश्न मला अधिक रंजक वाटतो. माझं उत्तर असं की हा सोपेपणा उसना आहे. त्या भांड्यात दोन तासांत फारसं काही घडतच नाही. घडायचं ते सगळं आधीच, दुसरीकडे घडून गेलेलं असतं.

सुरुवात सॉसेजपासून करू. मांस, चरबी आणि पाणी यांचं एकमेकांशी पटत नाही. नुसता खिमा शिजवला तर चरबी वितळून वेगळी होते, पाणी सुटतं आणि खाली रवाळ चुरा उरतो. सॉसेज मात्र सुरीने कापलं तरी एकसंध. ही किमया मिठाची. मांसाच्या तंतूंमध्ये मायोसिन नावाचं प्रथिन असतं. वजनाच्या साधारण दोन टक्के मीठ घालून मांस बारीक वाटलं की ते तंतूंतून सुटून बाहेर येतं आणि चिकट होतं. वाटताना चरबीचे सूक्ष्म कण होतात, त्यांच्याभोवती मायोसिनचा पापुद्रा बसतो. पुढे उष्णता लागली की मायोसिनचं जाळं घट्ट होतं आणि पाणी व चरबी दोन्ही त्यात अडकून पडतात. अट एकच: वाटताना मिश्रण गार राहिलं पाहिजे. म्हणून कारखान्यात त्यात बर्फ टाकतात. मिश्रण तापलं की चरबी आधीच वितळून निसटते आणि मग कुठलाही मसाला ते सॉसेज वाचवू शकत नाही.

दुसरी गोष्ट रंगाची. शिजलेलं डुकराचं मांस करड्या-पांढऱ्या रंगाचं होतं. हे सॉसेज मात्र शिजूनही गुलाबी. याचा उलगडा 1901 मध्ये जॉन स्कॉट हाल्डेन यांनी केला. खाणीतल्या विषारी वायूची चाहूल लागावी म्हणून कॅनरी पक्षी खाली न्या, असं सुचवणारे तेच हाल्डेन. (त्यांचे चिरंजीव जे. बी. एस. हाल्डेन पुढे भारतात येऊन स्थायिक झाले आणि भुवनेश्वरला वारले.) मांस मुरवताना वापरलेल्या नायट्राइटपासून नायट्रिक ऑक्साइड तयार होतो आणि तो मांसातल्या लोहयुक्त रंगद्रव्याला जाऊन चिकटतो. असं चिकटलेलं रंगद्रव्य शिजवल्यावरही गुलाबीच राहतं. म्हणजे तो रंग ताजेपणाचा पुरावा नव्हे, क्षाराची करामत आहे.

नायट्राइटचं खरं काम मात्र रंग देण्याचं नाही. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला जर्मनीतल्या व्युर्टेम्बर्ग भागात सॉसेज खाऊन माणसं मरत होती. डोळ्यांपुढे दोन-दोन प्रतिमा, गिळता न येणं, मग श्वास बंद. युस्टिनुस केर्नर या डॉक्टराने 1820 च्या सुमारास अशा रुग्णांच्या बारीक नोंदी केल्या, विषारी सॉसेजचा अर्क काढून प्राण्यांवर आणि थोडा स्वतःवरही वापरून पाहिला. केर्नर कवीही होते, हे कळल्यावर ते धाडस थोडं समजतं. गुन्हेगार सापडला 1895 मध्ये, बेल्जियममधल्या एलेझेल गावी. एका अंत्यविधीनंतर बँडवाल्यांनी खारवलेलं मांस खाल्लं आणि ते आजारी पडले, काही दगावले. त्या मांसातून एमिल व्हान एर्मेंगेम यांनी जिवाणू वेगळा केला. तोच आजचा क्लॉस्ट्रिडियम बोटुलिनम. त्याला हवा नको असते. सॉसेजच्या घट्ट पोटात ती नसतेच. नायट्राइट या जिवाणूची वाढ रोखतं. अमेरिकी नियमांनुसार वाटलेल्या मांसात सोडियम नायट्राइट दहा लाख भागांत 156 भागांहून अधिक घालता येत नाही. तेवढंसं पुरतं.

याची दुसरी बाजूही सांगायला हवी. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने 2015 मध्ये प्रक्रिया केलेल्या मांसाला पहिल्या गटात, म्हणजे माणसात कर्करोग घडवणाऱ्या गोष्टींत टाकलं. रोज 50 ग्रॅम खाल्लं तर मोठ्या आतड्याच्या कर्करोगाचा धोका सुमारे 18 टक्क्यांनी वाढतो, असा त्यांचा अंदाज. यातला ‘रोज’ हा शब्द महत्त्वाचा. वर्षातून दोन पार्ट्या आणि रोजची न्याहारी यांत फरक आहे.

आता जेलीकडे. ती कॉनकॉर्ड जातीच्या द्राक्षांची. मॅसॅच्युसेट्समधल्या कॉनकॉर्ड गावी एफ्रेम बुल यांनी 1849 मध्ये ही जात तयार केली. पुढे 1869 मध्ये न्यू जर्सीतल्या व्हाइनलंड इथे थॉमस वेल्च या दंतवैद्याने या द्राक्षांचा रस तापवून, आंबू न देता टिकवला. चर्चमधल्या विधीत दारूऐवजी द्राक्षरस वापरता यावा, हा त्यांचा हेतू. नाशिकच्या किंवा सांगलीच्या द्राक्षांची चव डोक्यात ठेवून ही जेली खाल्ली तर दचकायला होतं. कॉनकॉर्डच्या वासात मिथाइल अँथ्रानिलेट हे द्रव्य असतं, च्युइंग गमला ‘द्राक्षा’चा वास देणारं. गोड, उग्र, किंचित कस्तुरीसारखं.

पण स्वयंपाकाच्या दृष्टीने जेलीतला खरा कामाचा माणूस पेक्टिन. फळातली ही लांब साखळी भरपूर साखर आणि पुरेसा आंबटपणा मिळाला की जाळं विणते, म्हणून जेली बरणीत थरथरत उभी राहते. गरम केली की पातळ होते, रस आटला की पुन्हा दाटते आणि सॉसेजला चिकटून बसते. साखर, आंबटपणा आणि दाटपणा या तीन गोष्टी एका बरणीत, तयार. म्हणून घरी कॉर्नफ्लॉवर कालवायची गरज नाही. टोमॅटोतलं ग्लुटामेट आणि मांसातलं इनोसिनेट एकत्र आलं की चवीचा दाटपणा दोघांच्या बेरजेपेक्षा खूप जास्त लागतो, हा जपानी शास्त्रज्ञांचा शोध इथे फुकटात वापरला जातो. चिली सॉस ओतणाऱ्याला त्याची खबरही नसते.

एक गोष्ट मात्र हे भांडं देऊ शकत नाही: खरपूसपणा. अमेरिकेत क्रॉक-पॉट म्हणून 1971 मध्ये आलेलं हे उपकरण मुळात अर्व्हिंग नॅक्सन यांचं. त्यांना पेटंट 1940 मध्ये मिळालं. त्यात रस शंभर अंशांच्या आतच राहतो. लुई-कामी मेयार यांनी 1912 मध्ये वर्णन केलेली, शर्करा आणि अमिनो आम्लांची ती तपकिरी, सुगंधी अभिक्रिया जोरात व्हायला पृष्ठभाग कोरडा आणि 140 अंशांच्या आसपास तापलेला लागतो. ओल्या रसात ते शक्य नाही. म्हणून ज्यांना थोडे कष्ट चालतात ते दुसरा रस्ता धरतात. ब्रिटनमध्ये नाताळच्या सुमारास अशीच छोटी, पण कच्ची सॉसेज ओव्हनमध्ये भाजतात, मध आणि रवाळ मोहरी लावून. मला विचाराल तर हा प्रकार जेलीपेक्षा सरस. पण मध पहिल्यापासून लावू नये. त्यातलं फ्रुक्टोज लवकर करपतं आणि सॉसेज शिजण्याआधी कडवट काळा थर येतो. आधी सॉसेज रंगू द्यावीत, शेवटच्या दहा मिनिटांत मध. मोहरीचा झणका हवा असेल तर तीही थोडी शेवटी राखावी, कारण नाकात जाणारं तिचं द्रव्य उडून जाणारं आहे. उष्णतेने फक्त आंबटपणा उरतो.

गोड आणि खारट एकत्र का आवडतं? फिलाडेल्फियाच्या मोनेल संस्थेतले पॉल ब्रेस्लिन आणि गॅरी बोशाँ यांनी 1997 मध्ये एक साधा, सुंदर प्रयोग प्रसिद्ध केला. कडू युरिया आणि गोड साखर यांच्या मिश्रणात त्यांनी सोडियमचा क्षार घातला. सोडियमने कडूपणा दाबला आणि त्याखाली दबलेला गोडपणा वर आला. मीठ गोडी नव्याने निर्माण करत नाही, तिच्या अंगावरचं ओझं उतरवतं. शिऱ्यातल्या मिठाच्या कणीचा हिशोब यातून बराच उलगडतो.

दुसरं उत्तर जरा सावध करणारं आहे. ऑक्सफर्डमध्ये बार्बरा रोल्स आणि सहकाऱ्यांनी 1980 च्या दशकात लोकांना चार टप्प्यांचं जेवण दिलं: सॉसेज, लोणी-पाव, चॉकलेटचा गोड पदार्थ आणि केळी. ज्यांना चारही वेळा एकच पदार्थ मिळाला त्यांच्यापेक्षा वेगवेगळे मिळालेल्यांनी सुमारे 60 टक्के जास्त उष्मांक खाल्ले. एका चवीचा कंटाळा त्या चवीपुरताच असतो. आता एकाच घासात गोड, खारट, आंबट आणि मांसल चव असेल, तर कंटाळा येणार कशाचा? पार्टीत ते भांडं सगळ्यात आधी का रिकामं होतं, याचं माझ्या मते हेच कारण.

उसना सोपेपणा आपल्याकडेही आहे, गोव्यात. पोर्तुगीजांचं शोरिसू हे सॉसेज लसूण, लाल मिरची आणि वाईनचं. गोव्यात त्याचं चोरीस झालं, वाईनच्या जागी माडाच्या सुरेचं व्हिनेगर आलं आणि मिरचीने आपलं घर केलं. मांसाचे आणि चरबीचे हाताने कापलेले तुकडे मिठात मुरवायचे, दाबून पाणी काढायचं, वाटणात आणि व्हिनेगरमध्ये ठेवायचे, आतड्यात भरून मण्यांसारखे बांधायचे आणि उन्हात किंवा चुलीच्या धुरावर सुकवायचे. इथे रंग नायट्राइटचा नाही, मिरचीचा. मीठ, आंबटपणा, सुकणं आणि धूर यांपैकी एकट्याने कोणीच जिवाणूंना पुरतं रोखू शकत नाही, मिळून रोखतात. जर्मनीत कुल्मबाखच्या मांस संशोधन केंद्रातल्या लोथर लाइस्टनर यांनी 1970 च्या दशकात याला अडथळ्यांचं तत्त्व म्हटलं. पावसाळ्यातल्या दमट हवेत सुकवणं जमत नाही, म्हणून हे काम उन्हाळ्यात उरकतात आणि माळा पुरुमेंतात, म्हणजे पावसाळ्याच्या बेगमीत जातात. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात त्या टांगलेल्या दिसतात.

गोड-खारट चटकमटक करायचं तर मला ही माळ जेलीच्या बरणीपेक्षा जवळची. मणी फोडून, वरचं आवरण काढून, दोन मोठे कांदे उभे चिरून घ्या. कढईत चोरीस आणि अर्धी वाटी पाणी एकत्र ठेवा; तेल नको, त्याची चरबी सुटतेच. पाणी आटत आलं की कांदा घाला. कांद्यात साखर मुळातच असते. शिजताना तिखट गंधकी द्रव्यं निघून गेली की ती जाणवते. कांदा तांबूस झाला की नखाएवढा माडाचा गूळ. मीठ चाखल्याशिवाय घालू नका, बहुतेक लागतच नाही. पोईच्या, म्हणजे गोव्याच्या पावाच्या, लहान तुकड्यांवर थोडं थोडं ठेवून द्या.

फक्त एक फरक लक्षात असू द्या. पाकिटातलं अमेरिकी कॉकटेल सॉसेज कारखान्यातच शिजलेलं असतं, ते नुसतं गरम केलं तरी चालतं. चोरीस कच्चं असतं. झाकण ठेवून चांगली वीस-पंचवीस मिनिटं शिजू द्या. तुकड्याच्या मध्यभागी 71 अंश गाठले गेले पाहिजेत. मायक्रोवेव्हमध्ये मिनिटभर फिरवून टूथपिक खुपसायची असेल तर त्यासाठी पाकीटच बरं.