मुंबईची पांजरापोळ : ‘धर्मादा’ या एका ओळीचे कार्य

व्यापाऱ्याच्या बिलात मालाची किंमत, हमाली, तोलाई व दलाली यांच्या खाली ‘धर्मादा’ म्हणून एक लहानशी ओळ असे. त्या ओळीतील आणे-पैंतून केवढे कार्य उभे राहते, याचे ठळक उदाहरण म्हणजे मुंबईच्या भुलेश्वर भागातील पांजरापोळ होय.

या संस्थेची पार्श्वभूमी एका कलहाची आहे. कंपनी सरकारच्या अमदानीत उन्हाळ्याच्या दिवसांत मोकाट कुत्री मारण्याचा प्रघात होता व प्रत्येक कुत्र्यामागे शिपायास आठ आणे मिळत. बक्षिसाच्या लोभाने पाळीव कुत्रीही बळी पडू लागली, तेव्हा १८३२ च्या जून महिन्यात पारशी समाजाने उघड प्रतिकार केला. जैन व हिंदू व्यापाऱ्यांनी त्यांना साथ दिली. दुकाने बंद झाली आणि लष्कराची रसद अडली. सरकारने दंगा मोडला, परंतु प्रश्न शिल्लक राहिला : जनावर मारावयाचे नाही, तर ते ठेवावयाचे कोठे व पोसावयाचे कोणी?

दोन वर्षांनी, १८३४ मध्ये, व्यापाऱ्यांनीच त्याचे उत्तर दिले. चीनच्या व्यापारात एकमेकांचे सहकारी असलेले जमशेटजी जीजीभाई व जैन श्रेष्ठी मोतीचंद अमीचंद, म्हणजेच मोतीशा शेठ, यांच्या पुढाकाराने पांजरापोळ स्थापन झाली. दोघांनी सढळ हाताने द्रव्य दिले. परंतु त्याहून महत्त्वाची गोष्ट ही, की बाजारातील व्यापाऱ्यांनी आपल्या मालाच्या उलाढालीवर एक अल्पसा लागा स्वखुशीने बसवून घेतला. मोतीशा शेठ १८३६ मध्ये निवर्तले, जमशेटजी १८५९ मध्ये. संस्था मात्र थांबली नाही. एका दात्याची थैली त्याच्या आयुष्याबरोबर आटू शकते. सर्व बाजाराचा लागा बाजार चालेल तोवर वाहतो.

गोशाळा व पांजरापोळ यांत भेद आहे. गोशाळेत मुख्यतः गोधनाचे पालन होते. पांजरापोळीत भाकड गाय, थकलेला बैल, लंगडे कुत्रे, जखमी पाखरू यांपैकी कोणासही उपयोगाचा प्रश्न विचारला जात नाही. या जीवदयेचा ठसा मुंबईच्या नकाशावरही उमटला असून चेंबूरचा एक भाग आजही ‘पांजरापोळ’ याच नावाने ओळखला जातो.

तथापि केवळ आसरा म्हणजे सेवा नव्हे. दाटीत बांधलेले, औषधावाचून झुरणारे जनावर जिवंत राहिले तरी सुखी असते असे नाही. १८८६ मध्ये परळ येथे पशुवैद्यक महाविद्यालय निघाले, तेव्हापासून शास्त्रीय उपचाराचे साधन मुंबईस उपलब्ध झाले. पुढे महात्मा गांधींनीही पांजरापोळींच्या चालकांना वारंवार बजावले, की भूतदयेला ज्ञानाची व चोख व्यवस्थेची जोड हवी. ही टीका स्नेह्याची होती आणि ती आजही तितकीच लागू आहे.

हिशेबाची बाब तर आपल्या नित्य व्यवहारातलीच. १९५० च्या मुंबई सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमात ‘धर्मादा’ या विषयावर स्वतंत्र कलम आहे. रूढीप्रमाणे गिऱ्हाइकाकडून घेतलेली धर्मादायाची रक्कम व्यापाऱ्याच्या मालकीची नसून तो तिचा केवळ विश्वस्त होय, आणि तिचा हिशेब त्याने दिला पाहिजे, असे त्याचे तात्पर्य. त्या वेळी बेळगाव व बडोदे हीदेखील मुंबई राज्यातच होती. कायद्याने जे १९५० साली सांगितले, ते आपल्या वाडवडिलांच्या चोपड्यांत धर्मादा खात्याच्या स्वतंत्र पानाने केव्हाच मान्य केले होते.

आज आपल्या पेढ्या बेळगावी असोत, इंदुरास असोत वा हैद्राबादेस. व्यवहाराची रीत पालटली आहे, चोपडीची जागा यंत्राने घेतली आहे. परंतु त्या यंत्रातही धर्मादायाचे एक वेगळे खाते उघडता येते. मोठ्या देणगीची वाट पाहत बसण्यापेक्षा प्रत्येक सौद्यामागे थोडे बाजूस काढावे, ते खात्यात नोंदावे, आणि वर्षाअखेरीस आपल्या गावच्या पांजरापोळीत स्वतः जाऊन चारा, पाणी व औषध यांची व्यवस्था डोळ्यांनी पाहावी. मुंबईच्या महाजनांनी आपल्यापुढे ठेवलेला धडा तो हाच.