बिनतारी संदेशयंत्राची आतील जुळणी

जामनेरच्या दक्षिणेस अजिंठ्याची डोंगररांग आहे. अशा डोंगराआड मोबाईल चालेनासा झाल्यास ट्रॅक्टरवरील बिनतारी संदेशयंत्र उपयोगी पडते. पुष्कळ यंत्रांत नेहमी न दिसणारी एक जुळणी असते; ठराविक कळा दाबून धरून यंत्र सुरू केले की ती उघडते. ही सोय वस्तुतः कारागिरासाठी आहे. तरीही कित्येक जण पल्ला वाढावा म्हणून तीत शक्ती वाढवितात. डोंगर आडवा असता त्याचा फारसा उपयोग होत नाही. यंत्र मात्र तापते. त्यापेक्षा चढावर जाऊन बोलावे.

दोष पुष्कळदा स्क्वेल्चमध्ये असतो. खरखर अडविणारी ही झडपच म्हणावयाची. ती फार घट्ट केल्यास दूरच्या माणसाची क्षीण हाक ऐकूच येत नाही. म्हणून कोणी बोलत नसताना खरखर जेमतेम थांबेल इतकीच ती ठेवावी. तत्पूर्वी मूळचे आकडे वहीत उतरून घ्यावेत.

कंपनसंख्येची मर्यादा मात्र मुळीच बदलू नये. २०१८ च्या नियमांनी ४४६.० ते ४४६.२ मेगाहर्ट्झ हा पट्टा अल्पशक्तीच्या यंत्रांस विनापरवाना खुला केला आहे. इतर बहुतेक यंत्रांस परवाना लागतो; भलत्याच कंपनसंख्येवर बोलल्यास पोलिसांचा वा अग्निशामक दलाचा संदेश ऐन वेळी दबून जाण्याचा संभव असतो.