किती भोपळे परवडतील?

विराट कोहलीने 12 मे 2025 रोजी कसोटीला रामराम ठोकला आणि पडद्यावर त्याची सरासरी झळकली, 46.85. आकडा टोचला. ऑक्टोबर 2019मध्ये पुण्याजवळ गहुंज्याला नाबाद 254 काढले तेव्हा हाच माणूस 55.10 वर होता. त्यानंतर तो 69 वेळा बाद झाला. त्यात सरासरी निदान 40.52 पडली असती, तरी पन्नाशी हातची गेली नसती. पडली 31.54.

हा हिशेब कोणी दाखवला नाही. हल्ली मोबाइलवर 'जिंकण्याची शक्यता अमुक टक्के' असं येतं. ती कशी काढली हे कोणाला ठाऊक नसतं, तरी वाद तिथेच मिटतो.

ब्रॅडमनच्या राहून गेलेल्या चार धावा इतक्या उगाळून झाल्यात की त्यांचा कंटाळा येतो. गावसकरांची 51.12 आम्हाला आयतीच मिळाली. नव्वदचं दशक मात्र आमचं. पेपरातला धावफलक, वहीचं शेवटचं पान आणि दोन स्थळांपर्यंतचा भागाकार. पुस्तकात कुणा मुलाला पाचव्या चाचणीत किमान किती गुण हवेत असं विचारलेलं असे. त्या मुलाशी आम्हाला काय देणंघेणं? आमच्याकडे विनोद कांबळी होता.

1993मध्ये लागोपाठच्या कसोटींत, वानखेडेवर 224 आणि कोटल्यावर 227. 1995मध्ये त्याची कसोटी संपली तेव्हा 1084 धावा, 20 वेळा बाद, सरासरी 54.20. आमचा प्रश्न असा, की आणखी किती भोपळे काढूनही तो पन्नाशीच्या खाली जाणार नाही? 1084 ला 50 ने भागलं की 21.68. म्हणजे एकूण बाद 21.68 पेक्षा जास्त नकोत. 20 वजा केले, उरले 1.68. इथे पोरं हटकून फसत. दशांश अर्ध्याच्या वर, म्हणून 2 लिहून मोकळी होत. पण दुसऱ्या भोपळ्याला सरासरी 49.27 होते. एकच परवडतो, त्यानंतरही 51.62 राहते. वेस्ट इंडीजच्या माऱ्यापुढे तो चाचपडला, हे खरं. पण निवड समितीने त्याला तो एक भोपळासुद्धा काढू दिला नाही, हा राग अजून गेलेला नाही.

अमोल मुजुमदारचं तर गणितच मांडता येत नाही. रणजी पदार्पणात 260, प्रथम श्रेणीत 11,167 धावा, सरासरी 48.13, कसोटी एकही नाही. त्याची कसोटी सरासरी काढायची तर शून्य भागिले शून्य. नोव्हेंबर 2025मध्ये त्याच्या तालमीतल्या मुलींनी विश्वचषक जिंकला, तेव्हा बड्याबड्यांना त्याच्यावरच्या अन्यायाचा उमाळा आला. यांतले किती जण तेव्हा, तो धावांच्या राशी ओतत होता त्या वर्षांत, तोंड उघडून बोलले होते?