खेकडेखाऊ मुंगसाचे पणजोबा

दोस्तांनो, मुंगूस दिसलं की त्याला शपथ घालून तोंड दाखवायला सांगता ना? आजच्या मुंगसाला कितीही शपथा घाला, ते काही वळून बघायचं नाही. ते होतं सुमारे २० लाख वर्षांपूर्वी!

त्याचं नाव एटिलॅक्स मेसोटीस. गाव दक्षिण आफ्रिकेतलं क्रोमद्राय. आफ्रिकान्स भाषेत क्रोमद्राय म्हणजे वाकडं वळण.

हे ठिकाण उजेडात आणलं एका शाळकरी पोरानं. १९३८ साली गर्ट टरब्लान्शला इथल्या टेकडीवर एक कवटी दिसली. पठ्ठ्यानं ती दगडातून ठोकूनच काढली! (तुम्ही असं करू नका हं. हाड फुटतं.) शास्त्रज्ञ रॉबर्ट ब्रूम त्याला शोधत थेट शाळेत पोचले, तर त्या कवटीचे चार दात याच्या विजारीच्या खिशात! शाळा सुटायला अवकाश होता. मग काय, सत्तरी ओलांडलेल्या ब्रूमसाहेबांनी तोवर सगळ्या मुलांना जीवाश्मांची माहिती सांगितली आणि सुटल्यावर गर्टबरोबर टेकडी गाठली. कवटी निघाली माणसाच्या एका लुप्त भाऊबंदाची, पॅरान्थ्रोपस रोबस्टसची.

पण क्रोमद्रायला फक्त कवट्याच नव्हत्या. तिथल्या जुन्या गुहांत माती आणि दगडगोट्यांबरोबर नाना प्राण्यांची हाडं साचली, चुन्यानं सिमेंटसारखी घट्ट झाली. त्यातच आपलं मुंगूस होतं. १९५६ साली प्राणिशास्त्रज्ञ आर. एफ. इवर या बाईंनी त्याचं बारसं केलं. ‘मेसोटीस’ म्हणजे ग्रीकमध्ये मधली अवस्था.

मधली कशी? दात बघा, दात! दात म्हणजे प्राण्याचं शिधापत्रकच. बहुतेक मुंगसांचे दात मांस कापणारे, धारदार. पण आफ्रिकेत आज एक पाणथळ मुंगूस आहे. त्याचे दात जाडजूड, खेकड्याचं कवच कडाकडा फोडणारे. मेसोटीसचे दात या दोघांच्या मधले! म्हणून ते पाणथळ मुंगसाचं पूर्वज असावं, असं मानतात. तसं असेल, तर त्याला ‘नामशेष’ म्हणावं की ‘बदललेलं’? मला तरी दुसरा शब्द जास्त पटतो.

हे पाणथळ मुंगूस भलतं हुशार बरं का! त्याच्या बोटांमध्ये बदकासारखा पडदा नसतो. मोकळ्या बोटांनी ते चिखल चाचपून खेकडे, बेडूक हुडकतं. आणि अंडं मिळालं तर? सरळ दगडावर आपटतं!