रेडॉनच्या पाण्यात डुबकी? जरा थांबा!

आजीचे गुडघे दुखतात. शेजारी सांगतात, गरम पाण्याच्या कुंडावर न्या. एक व्हिडिओ म्हणतो, त्या पाण्यातला रेडॉन सांधे बरे करतो. दुसरा म्हणतो, रेडॉनने कॅन्सर होतो. मग ऐकायचं कुणाचं?

समजा, तुम्ही आंजीत राहता. आंजी (मोठी), वर्ध्याहून आर्वीच्या रस्त्याला लागलं की येणारं गाव. रोज कॉलेजसाठी वर्ध्याला अपडाऊन करता. घरी आजी आहे. आयुष्यभर वाकून कापूस वेचला, आता गुडघे कुरकुरतात. थंडी पडली की तिचा एकच घोषा, ‘मले एकदा उनकेश्वरले घेऊन चाल ना बा!’

उनकेश्वर म्हणजे नांदेड जिल्ह्यातल्या किनवट तालुक्यातलं, पैनगंगेच्या काठचं गाव. तिथे जमिनीतून गरम पाणी येतं. शरभंग ऋषींच्या त्वचारोगासाठी रामाने बाण मारून हे पाणी काढलं, अशी आख्यायिका आहे. अंगाची खाज, सांधेदुखी, सगळ्यासाठी लोक तिथे आंघोळीला जातात. आपल्या जिल्ह्याला पाण्याचे उपचार नवे नाहीतच. सेवाग्रामात बापूंनी मातीपट्टी आणि कटिस्नानाचे प्रयोग किती केले!

तर तुम्ही निघण्याआधी मोबाइल काढता आणि ‘गरम झरे फायदे’ शोधता. समोर येतं ऑस्ट्रिया, जपान, ‘रेडॉन थेरपी’. दोन ओळी खाली जागतिक आरोग्य संघटनेचा इशारा: धूम्रपानानंतर फुफ्फुसाच्या कॅन्सरचं महत्त्वाचं कारण रेडॉन. डोकं गरगरतं. पण गंमत म्हणजे दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. लोक रेडॉनच्या पाण्यात उपचार म्हणून बसतातही, आणि रेडॉनने कॅन्सर होतोही.

हा येतो कुठून?

बारावीचं केमिस्ट्री आठवा. खडकात थोडं युरेनियम असतं. ते टप्प्याटप्प्याने विघटित होत रेडियम बनतं, आणि रेडियमपासून रेडॉन. रंग नाही, वास नाही, चव नाही. बाकीची भावंडं खडकातच अडकून राहतात, हा मात्र वायू. त्यामुळे भेगांतून निसटतो, पाण्यात विरघळतो आणि झऱ्याबरोबर वर येतो. त्याचा अर्धायुकाल सुमारे ३.८ दिवस.

हा आकडा लक्षात ठेवा, कामाचा आहे. कुंडाचं पाणी कॅनमध्ये भरून घरी आणलं आणि महिनाभर पुरवून वापरलं, तर महिनाअखेर त्यातला रेडॉन अर्ध्या टक्क्यापेक्षाही कमी उरतो. तोही झाकण घट्ट असेल तर. उघड्या बादलीत तो त्याआधीच उडून जातो. तेव्हा बाटलीतलं ‘रेडॉनचं पाणी’ कुणी विकत असेल, तर तो तुमचं गणित कच्चं आहे असं समजून विकतोय.

आणखी एक. ग्रॅनाइटमध्ये युरेनियम बेसाल्टपेक्षा कितीतरी जास्त असतं. आपल्या वर्ध्याच्या काळ्या मातीखाली आहे तो दख्खनचा काळा बेसाल्ट. म्हणजे रेडॉनच्या बाबतीत आपण तसे गरीबच. किनवटच्या बाजूला हा काळा थर संपत येतो आणि त्याखालचे जुने खडक उघडे पडतात. पाणी गरम म्हणजे रेडॉन जास्त, असं मात्र मुळीच नाही. पाणी खोलवर मुरलं की जमिनीच्या उष्णतेने तापतं. रेडॉन किती मिळणार, हे वाटेतल्या खडकावर ठरतं.

एकाच गावात उपचार आणि आजार

चेक प्रजासत्ताकात याखिमोव्ह नावाचं गाव आहे. मेरी आणि पिएर क्युरी यांनी ज्या खनिजातून रेडियम शोधलं, ते तिथल्या खाणीतलं. १९०६ मध्ये याच गावात रेडॉनच्या पाण्याचे स्नानोपचार सुरू झाले. आजही लोक सांधेदुखीसाठी तिथे जातात.

पण त्या डोंगररांगेतल्या खाणकामगारांना शेकडो वर्षांपासून छातीचा एक आजार व्हायचा. तरणीताठी माणसं दगावायची. १८७९ मध्ये दोन जर्मन डॉक्टरांनी दाखवून दिलं की हा फुफ्फुसातला घातक ट्यूमर आहे. त्यामागे रेडॉन आहे हे नंतर कळलं. १९८८ मध्ये रेडॉनची नोंद माणसात कॅन्सर घडवणाऱ्या पदार्थांत झाली.

श्वासातून आत गेलेला रेडॉन बराचसा बाहेर पडतो. खरा त्रास त्याच्या पिलावळीचा. रेडॉनपासून बनणारं पोलोनियम घनरूप असतं. ते धुळीच्या कणांना चिकटून फुफ्फुसात बसतं आणि तिथेच अल्फा कण सोडतं. या कणांना साधा कागदही अडवतो, पण फुफ्फुसाच्या आत कागद कुठून आणणार? पेशीच्या डीएनएला थेट मार बसतो.

म्हणजे गाव तेच आणि वायूही तोच. फरक किती आणि किती वेळ याचा.

तासांचा हिशेब

ऑस्ट्रियातल्या बाड गास्टाइनला एक जुना बोगदा आहे. आत उबदार, दमट हवा आणि प्रत्येक घनमीटरमागे सुमारे ४४,००० बेकरेल रेडॉन. घरासाठी जागतिक आरोग्य संघटना १०० बेकरेलची पातळी सुचवते. म्हणजे ४४० पट! ऐकूनच घाम फुटतो.

आता वेळ धरा. रुग्ण तिथे एका वेळी साधारण तासभर झोपतो, दोन-तीन आठवड्यांत दहा-बारा वेळा. दहा तास गुणिले ४४,००० म्हणजे ४,४०,०००. आणि १०० बेकरेलच्या घरात तुम्ही वर्षभर चोवीस तास राहिलात तर? ८,७६,०००. हिशेब ढोबळ आहे, पण मुद्दा कळतो. थोडा वेळ जास्त आणि खूप वेळ थोडा, दोन्ही शरीराच्या खात्यात जमा होतात. ‘इतक्याच्या खाली काहीच धोका नाही’ अशी रेषा शास्त्रज्ञ मानत नाहीत. डोस कमी तर धोका कमी, पण शून्य नाही.

मग गुण येतो का?

गरम पाण्यात बसलं की बरं वाटतं, ते आजीला विचारा. स्नायू सैल होतात, रक्ताभिसरण वाढतं, पाण्यात अंगाचा भार हलका होतो. यात रेडॉनचा काही संबंध नाही. प्रश्न हा की त्याच्यापुढे रेडॉन काही जास्तीचं देतो का?

जर्मनीत ६० संधिवाताच्या रुग्णांवर एक चाचणी झाली, २००० साली ती प्रसिद्ध झाली. अर्ध्यांना रेडॉन आणि कार्बन डायऑक्साइड असलेलं पाणी, अर्ध्यांना नुसतं कार्बन डायऑक्साइडचं. उपचार संपले तेव्हा दोन्ही गट सारखेच सुधारले होते. सहा महिन्यांनी मात्र रेडॉनवाल्यांचं दुखणं जरा कमी होतं. आशा वाटावी असं आहे, पण माणसं ६०. इतक्यावर ‘रामबाण’ म्हणता येत नाही. शिवाय असे अभ्यास मुख्यतः सुजेच्या संधिवातावर झालेत. वयाने झिजलेल्या गुडघ्याचं कूर्चा रेडॉनने परत येतं, असा पुरावा नाही.

आणि ‘किरणोत्सार म्हणजे ताकद’ या वेडाचा इतिहासही पाहून घ्या. १९२०च्या दशकात अमेरिकेत रेडियम घातलेलं पाणी टॉनिक म्हणून विकलं जायचं. एबेन बायर्स नावाच्या श्रीमंत उद्योगपतीने ते बाटल्याच्या बाटल्या रिचवले. त्याच्या जबड्याची हाडं झिजून गेली. १९३२ मध्ये तो गेला.

आजीचं काय करायचं?

न्या की उनकेश्वरला! वर्षातून एकदा उघड्यावरच्या कुंडात अर्धा तास बसल्याने आजीला रेडॉनचं भय धरायचं कारण नाही. तिला मिळेल ती ऊब आणि नातवंडांसोबतची सहल, आणि तेही काही कमी औषध नाही. पण आधी सेवाग्रामला किंवा जवळच्या दवाखान्यात गुडघा दाखवा. चालू असलेली गोळी ‘कुंडावर जाऊन आलो’ म्हणून बंद करू देऊ नका.

आणि घरी आबाजी बिडी ओढत असतील, तर खरी काळजी तिथे करा. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार रेडॉनचा धोका धूम्रपान करणाऱ्याला न करणाऱ्यापेक्षा २५ पट असतो. रेडॉनवरचा व्हिडिओ फॉरवर्ड करण्याआधी ती बिडी विझवता आली, तर तुमच्या घरातलं मोठं काम झालं. टपरीवर तुमच्या हातात सिगारेट असेल, तर हे तुम्हालाही लागू.

कुंडावर जाण्यापूर्वी

• बीपी, हृदयविकार किंवा गरोदरपण असेल तर डॉक्टरांना विचारूनच उतरा.

• शुगर असलेल्यांच्या पायाला चटका कळत नाही. आधी तुम्ही हात घालून पाणी बघा.

• दहा-पंधरा मिनिटांनी बाहेर या, पाणी प्या. चक्कर आली तर लगेच बाहेर.

• उघडी जखम असेल तर सगळ्यांच्या कुंडात उतरू नका. नाकात पाणी जाऊ देऊ नका, कोमट गोड्या पाण्यात घातक अमीबा असू शकतो.

• बंद खोलीतलं स्नानगृह असेल तर खिडकी उघडी आहे का बघा. मोकळ्या हवेत रेडॉन पांगतो.

• कुणी ‘रेडॉन थेरपी’च्या नावाने पैसे मागितले तर एकच प्रश्न विचारा: एका लिटरमध्ये किती बेकरेल, आणि कुणी मोजले? उत्तर आलं नाही, तर गरम पाणी घरच्या चुलीवरही होतं.