बिनतेलाचं घड्याळ

इंग्लंडच्या लिंकनशर परगण्यात ब्रॉक्लस्बी पार्क नावाची जुनी जहागीर आहे. तिथल्या पागेच्या मनोऱ्यातलं घड्याळ जॉन हॅरिसन नावाच्या सुताराने १७२२च्या सुमारास केलं. चाकं ओक लाकडाची. आस ज्यांत फिरतात ते टेकू लिग्नम व्हायटी या लाकडाचे. हे लाकूड इतकं जड की पाण्यात बुडतं, आणि त्याच्या अंगातच तेलकट राळ असते. तीनशे वर्षं झाली, घड्याळ चालू आहे आणि त्याला वंगण लागत नाही.

त्या काळचं घड्याळाचं तेल प्राण्यांच्या चरबीचं नाहीतर वनस्पतींचं असे. थंडीत ते घट्ट होई, जुनं झालं की चिकट होई, त्यात धूळ बसे आणि घड्याळ आधी मागे पडे, मग थांबे. घड्याळजी घरोघर जाऊन तेल पुसत आणि नवं घालत. हॅरिसनने बरं तेल शोधण्याच्या फंदात न पडता तेलाची गरजच काढून टाकली. पितळेत वाढलेल्या कारागिराला हे सुचणं अवघड होतं. लाकडात वाढलेल्याला सुचलं.

त्याचा जन्म १६९३चा, यॉर्कशरमधल्या फाउल्बीचा. बाप सुतार. कुटुंब पुढे हंबर नदीकाठच्या बॅरो गावी गेलं आणि मुलाने बापाचाच धंदा धरला. कुणा घड्याळजीकडे उमेदवारी केल्याचं आढळत नाही. १७१३ साली, विशीत असताना, त्याने पहिलं मोठं लंबकाचं घड्याळ केलं. त्यातले आणि त्यानंतरच्या १७१५ व १७१७च्या घड्याळांतले लाकडी भाग आजही पाहायला मिळतात. त्या काळच्या गावात पितळ महाग, ओक दाराशी. लाकूड निवडण्यामागे एवढं साधं कारणही असेल. पण निवडल्यानंतर त्याने त्या लाकडाशी जे केलं ते साधं नाही.

लाकूड हवेतला ओलावा पितं आणि सोडतं, आणि त्याप्रमाणे फुगतं-आटतं. ज्यांच्या घरात पावसाळ्यात दार चौकटीत अडकतं त्यांना हे सांगायला नको. मात्र ते सगळ्या दिशांनी सारखं फुगत नाही. तंतूंच्या रेषेच्या लांबीत बदल जवळजवळ नसतोच. आडव्या दिशेत भरपूर असतो, आणि त्यातही वलयांच्या कडेने होणारा बदल गाभ्यापासून सालीकडे होणाऱ्या बदलाच्या साधारण दुप्पट. म्हणजे एका फळीतून कापलेलं २० सेंटिमीटरचं गोल चाक मार्चमध्ये गोल असेल, तर ऑगस्टमध्ये एका बाजूने दोनेक मिलिमीटर वाढून लंबगोल झालेलं असेल. घड्याळाच्या दात्यांमधली फट त्याहून कितीतरी कमी असते. शिवाय चाकाच्या दोन बाजूंचे दाते रेषेच्या आडवे येतात आणि तिथे चुटकीसरशी तुटतात.

हॅरिसनचं उत्तर पाहण्यासारखं आहे. त्याने चाकाचा गाभा वेगळा केला, त्याच्या कडेला खाच घेतली आणि दाते चार-चारच्या तुकड्यांत कापून त्या खाचेत बसवले. प्रत्येक तुकड्याची रेषा केंद्राकडून बाहेर जाणारी. त्यामुळे कुठलाच दाता आडव्या रेषेवर उभा राहत नाही. ओकही तो पारखून घेई. ओकच्या बाबतीत वेगाने वाढलेलं, रुंद वलयांचं झाड जास्त भरीव आणि मजबूत असतं. पुष्कळांची समजूत याच्या नेमकी उलट असते. चाकाला फिरवणाऱ्या किंवा त्याने फिरणाऱ्या लहान पिनियनला तर त्याने दातेच ठेवले नाहीत. दात्यांच्या जागी लिग्नम व्हायटीच्या बारीक नळ्या पितळी पिनांवर फिरत्या बसवल्या. मोठ्या चाकाचा दाता त्यांच्यावर घासत नाही, लोळतो.

राहिली एस्केपमेंट, म्हणजे लंबकाच्या जाण्या-येण्याच्या दर दोन झोक्यांना एक दाता सोडणारी आणि त्याच वेळी लंबकाला हलकासा धक्का देणारी यंत्रणा. घड्याळाची ‘टिक’ इथली. नेहमीच्या अँकर प्रकारात धातूचा पंजा दात्यावर घसरतो आणि घसरण म्हटली की तेल आलं. ब्रॉक्लस्बीच्या घड्याळात हॅरिसनने आधी हाच प्रकार लावला होता. ते कुरकुरायला लागलं तेव्हा त्याने स्वतःचा प्रकार काढला. त्यातला पंजा दात्याला टेकतो, त्याच्याबरोबर जरासा जातो आणि टुणकन सुटतो. घसरणं नाहीच. त्या उडीवरून त्याला ग्रासहॉपर म्हणतात. मला त्याच्या सगळ्या कामात हा भाग सर्वांत देखणा वाटतो. समुद्रावरच्या त्याच्या घड्याळाची कीर्ती मोठी आहे, पण चालताना बघत बसावं असं हेच.

१७२५ ते १७२८ या काळात धाकटा भाऊ जेम्स याच्याबरोबर त्याने लाकडी चाकांची आणखी घड्याळं केली. त्यांत पितळ आणि पोलाद यांच्या एकाआड एक दांड्यांचा लंबक होता. उष्णतेने पोलाद लंबकाला खाली लांबवतं, पितळ त्याहून जास्त वाढून गोळा तेवढाच वर उचलतं. तपासायला दुसरं इतकं अचूक घड्याळ गावात कुठलं असणार? भावांनी खिडकीची चौकट आणि शेजाऱ्याच्या धुराड्याची कड यांच्या रेषेत ठरावीक तारा कधी दिसेनासा होतो ते पाहिलं. तारा रोज ३ मिनिटं ५६ सेकंद आधी तिथे पोहोचतो. घड्याळानेही तेच सांगायला हवं. महिन्याला एका सेकंदापेक्षा जास्त फरक पडत नाही, असा हॅरिसनचा दावा होता. त्या काळच्या चांगल्या पितळी घड्याळांनाही हे जमत नव्हतं.

पुढची गोष्ट बहुतेकांना ठाऊक आहे. भर समुद्रात रेखांश काढण्यासाठी ब्रिटिश संसदेने १७१४ साली २०,००० पौंडांचं बक्षीस लावलं आणि हॅरिसनने त्यात आयुष्य घातलं. १७३५च्या पहिल्या सागरी घड्याळातही ओकची चाकं आहेत. ते ग्रिनिचला चालू स्थितीत आहे. गंमत अशी की ज्याने अखेर बाजी मारली ते १७५९चं चौथं घड्याळ खिशातल्या घड्याळासारखं, धातूचं आणि तेल लागणारं होतं.

लाकडी घड्याळ हा काही एकट्या हॅरिसनचा प्रांत नव्हे. जर्मनीच्या ब्लॅक फॉरेस्टमधले शेतकरी सतराव्या शतकापासून हिवाळ्यात लाकडी चाकांची घड्याळं करत. अमेरिकेत मेरीलँडमध्ये बेंजामिन बॅनेकर या कृष्णवर्णीय शेतकऱ्याने, उसनं आणलेलं खिशातलं घड्याळ बघून, १७५३च्या सुमारास लाकडी घड्याळ केलं. ते तो गेल्यावर १८०६ साली घराला लागलेल्या आगीत गेलं. कनेक्टिकटमध्ये एली टेरीने ४,००० लाकडी यंत्रणांचा ठेका घेतला आणि पाण्यावर चालणाऱ्या यंत्रांनी तो १८१०पर्यंत पुरा केला. एकाचा सुटा भाग दुसऱ्यात बसेल असं उत्पादन तिथे लाकडात आधी घडलं. १८४०च्या आसपास पत्र्यासारखं लाटलेलं पितळ स्वस्त झालं आणि हा धंदा आटोपला.

आता लाकडी घड्याळ छंदापुरतं उरलंय. आजचा हौशी माणूस कागदावरचा पूर्ण मापाचा नकाशा बर्च प्लायवर चिकटवतो, आधी भोकं पाडतो, मग बारीक पात्याच्या स्क्रोल सॉवर दात्यामागून दाता कापतो. प्लायचे थर एकमेकांना आडवे असल्यामुळे फुगण्याचा प्रश्न बराच मिटतो. हॅरिसनने तुकडे जोडून जे साधलं ते इथे कारखान्यातून चिकटून येतं. मला यात थोडी हळहळ वाटते, कारण लाकूड ओळखण्याचा अर्धा अभ्यास तिथेच वगळला जातो. पण प्लायने घड्याळ चालतं, हे नाकारता येत नाही. भरीव लाकूडच हवं असेल तर सागवान कमी हलतं, फक्त त्यातली वाळू पात्याची धार खाते. कातकामाला हेदूचं बारीक पोताचं लाकूड सोयीचं.

हिशेब शाळेतलाच आहे. लंबकाचा एक झोका एका सेकंदाचा हवा तर त्याची लांबी सुमारे ९९.४ सेंटिमीटर. एस्केपमेंटच्या चाकाला ३० दाते दिले की ते मिनिटात एक फेरी पुरी करतं. मिनिटकाट्याच्या आसेवर ६४ दात्यांचं चाक, त्याने फिरणारा ८ दात्यांचा पिनियन. त्याच आसेवर ६० दात्यांचं चाक आणि पुढे पुन्हा ८. आठ गुणिले साडेसात, साठ. तासकाट्यासाठी तीनपट आणि चौपट अशा दोन टप्प्यांत बारा. लंबकाची दांडी लाकडाचीच बरी, कारण रेषेच्या लांबीत लाकूड उष्णतेने पोलादाच्या निम्म्याहून कमी वाढतं. वर वार्निशचे हात देऊन ओलावा अडवायचा. लांबीत एक मिलिमीटर चुकलं की दिवसाला ४३ सेकंदांचा फरक, म्हणून गोळ्याखाली बारीक आट्यांचा नट.

घड्याळ थांबलं की नवखा माणूस वजन वाढवतो. बहुतेक वेळा दोष घर्षणात असतो. कुठेतरी दोन चाकं जास्त जवळ आलेली असतात किंवा आस टेकूत आवळलेली असते. तेल तर घालूच नये. लाकूड ते पितं, फुगतं आणि धूळ धरतं. फार तर पेन्सिलीतलं शिसं घासावं. आणि सुरुवात चाकांपासून करू नये. एका फळीवर फक्त एस्केपमेंटचं चाक, पंजा आणि लंबक लावावा, आसेला दोरा गुंडाळून लहानसं वजन टांगावं. एवढं पाच-दहा मिनिटं आपोआप चाललं, तर बाकीच्या चाकांसाठी प्लाय आणायला जायला हरकत नाही.